चावडीवर दोनच नावं

शेवंता चावडीवर आली आणि माझ्या शेजारी एवढी जागा मोकळी असताना मागं जाऊन भिंतीला टेकून बसली, तिथंच माझं डोकं फिरलं.

"पुढं ये की," मी म्हटलं.

"बसते हितंच, अक्का. तुम्ही हाय ना पुढं."

हे तिचं नेहमीचं. शेवंता म्हणजे माझी धाकटी जाऊ. लग्न होऊन आली तेव्हा सतरा वर्षांची होती आणि त्या दिवशी चावडीवर आली तेव्हा बावन्न, पण मधल्या पस्तीस वर्षांत बाई कुठं म्हणून पुढं बसली नाही. पंगतीत वाढपी भाजी घेऊन आला की घ्यायची का नको हे माझ्या तोंडाकडं बघून ठरवायची. डॉक्टरनं कुठं दुखतं विचारलं तरी माझ्याकडं बघायची. दीर वारले, तेराव्याला तिचे भाऊ विचारायला लागले की पोरबाळ नाही, आता माहेरी येतेस का इथंच राहतेस, तर तेव्हाही म्हणाली, "अक्का म्हणतील तसं." शिकलेली माझ्यापेक्षा जास्त. मी तिसरी, ती सातवी. पण दोन घरांचं सगळं मी ठरवायचं, त्याच्या शिव्या मी खायच्या, आणि गावानं म्हणायचं, काय गुणाची आहे हो तुमची जाऊ.

तर ही नऊ वर्षांमागची गोष्ट. हातानं लिहिलेले सातबारे सरकारनं कॉम्प्युटरवर चढवले होते, आणि चढवताना काय चुकलं ते बघायला तलाठीबाई प्रत्येक गटाचा उतारा मोठ्यानं वाचणार होत्या. ज्याचं चुकलं असेल त्यानं उठून सांगायचं. कोतवाल आदल्या दिवशी वाघजाईवाडीच्या दोन्ही आळ्यांतून दवंडी देऊन गेला होता. त्यामुळं चावडी गच्च भरली होती. लाइट गेलेली, पंखा बंद, माश्या घोंगावत होत्या, आणि प्रत्येकाला आपली जमीन जागेवर आहे का ते ऐकायचं होतं.

तलाठीबाई नवी होती. तिशीच्या आतली पोर, पंजाबी ड्रेस घातलेली. मला म्हणाली, "आजी, तिथं ऊन येतंय, अलीकडं सरका."

"आजी तुझी घरी असंल," मी म्हटलं. "माझे सगळे दात जागेवर हायेत."

सगळे हसले. बाईही हसली. मी खूश होते त्या दिवशी, हे मुद्दाम सांगते. गावानं माझ्या बोलण्याला हसावं आणि जरा भ्यावंही, हे मला आवडायचं.

महादू तात्यांच्या उताऱ्यावरून विहीर गेली होती. "बाई, सकाळी तर तिचं पाणी भरलं मी," ते म्हणाले, आणि पुन्हा हशा झाला. बाईनं विहीर टिपून घेतली. कुणाचं क्षेत्र कमी आलं होतं, कुणाच्या मेलेल्या चुलत्याचं नाव अजून तसंच होतं. माणूस उठायचा, सांगायचा, बाई वहीत लिहून घ्यायची, माणूस खाली बसायचा. एवढं सोपं होतं ते.

मग आमचा नंबर आला.

"गट नंबर एकशे अठरा. दोन हेक्टर दहा आर. भोगवटादार अनसूया ज्ञानोबा कामथे. प्रल्हाद ज्ञानोबा कामथे."

अनसूया म्हणजे मी, प्रल्हाद माझा मुलगा; त्याचे वडील आधीच गेलेले. मी तिसऱ्या नावाची वाट बघत राहिले. शेवंता बबन कामथे. जमीन दोन भावांची सामाईक. कागदावर वाटणी कधी केली नव्हती, पण वरचा तुकडा आम्ही करायचो आणि विहिरीकडचा खालचा शेवंता करायची. तिथं तिची साठ अंजिराची झाडं होती, तिनं आणि माझ्या दिरानं लावलेली. जुन्या उताऱ्यावर तीन नावं होती. मला अक्षरओळख जेमतेम, पण आमची तीन नावं मला डोळे मिटून दाखवता आली असती.

बाईनं तिसरं नाव वाचलं नाही. मान वर करून तिनं माझ्याकडं बघितलं.

"बरोबर आहे का?"

महादू तात्या खाकरले. तेही माझ्याकडंच बघत होते. अख्ख्या गावाला माहीत होतं, पण दुसऱ्याच्या भावकीत, घरची मोठी बाई समोर बसलेली असताना कोण तोंड घालणार? माझ्या मागं प्लास्टिकच्या पिशवीचा चुरचुर आवाज झाला. मला वाटलं, शेवंता मिश्री काढतेय.

"बरोबर हाय," मी म्हटलं.

पिशवीचा आवाज थांबला.

बाई पान उलटेना. "आजी, पुन्हा वाचू का? नीट ऐका. खातेदार दोनच आहेत का?"

"एकदा सांगितलं ना तुला!" मी ओरडलेच. "बरोबर हाय म्हणजे बरोबर हाय. पुढचं वाच, लोकं खोळंबलीत."

तिनं पान उलटलं.

परतताना आम्ही दोघी ओढ्याच्या कडेनं बरोबरच आलो. मी वाट बघत होते. आता बोलेल, आता रडेल, आता माझा पदर धरून विचारेल. उत्तर तयार होतं माझ्याकडं: सरकारनं केलं, मी काय कॉम्प्युटर चालवते काय? पण ती म्हणाली, "यंदा फळ बारीक हाय, अक्का. पण गोडी चांगली उतरलीय." आणि तिच्या घराकडं वळली.

रात्री जेवताना प्रल्हादला सांगितलं. तो घास हातात धरून बसला.

"मग तू बोलली नाहीस?"

"न्हाई."

"काकी?"

"ती कधी बोलते?"

त्यानं घास तोंडात घातला, चावला, पाणी प्यायला. "आपण तर काही केलं नाही ना, आई. चूक त्यांची. काकीला नको असेल तर आपण कशाला उकरायचं?"

पोटचा मुलगा. माझ्याच मनातलं बोलत होता, पण त्याच्या तोंडून ऐकलं तेव्हा ताट सरकवून उठावंसं वाटलं. उठले नाही. जेवले.

का केलं, तेही सांगते. शेवंताचा भाचा हणमंत, चाळिशीचा बाप्या, मिशीवाला, टेम्पो घेऊन दर दोन दिवसांनी तिची अंजिरं न्यायला यायचा. यायचा, आत्या आत्या करायचा, तिच्या हातची भाकरी खायचा आणि विहिरीच्या कठड्यावर बसून आमच्या वरच्या तुकड्याकडं बघत दात कोरायचा. त्या बसण्यानं माझ्या अंगाची लाही व्हायची. मला वाटायचं, शेवंता डोळे मिटेल त्या दिवशी हा विहिरीसकट अर्धी जमीन घेऊन आमच्या बांधावर उभा राहील. बाईनं दोनच नावं वाचली तेव्हा माझ्या डोळ्यांपुढं ती मिशी आली. बाकी काही नाही.

पुढचे तीन आठवडे मी शेवंताशी जेवढं वाकडं वागता येईल तेवढं वागले. ती दारात आली की मी आत जायची. तिच्या कोंबड्या आमच्या अंगणात आल्या तर दगड मारला. तिनं काहीतरी म्हणावं, एकदा तरी तोंड उघडावं, म्हणजे मलाही तोंड उघडता येईल. ती कोंबड्या हाकत घेऊन गेली. म्हणाली, "खोडील हाय पांढरी. अक्का, लागलं न्हाई ना तुमच्या झाडांना?"

प्रल्हादला शेततळ्याचा अर्ज करायचा होता, त्याला नवा उतारा हवा होता. त्याला कामावर जायचं होतं म्हणून मी गेले तलाठ्याच्या ऑफिसात. एक खोली, एक कॉम्प्युटर, एक खुर्ची मोडकी. बाई एकटीच होती. मला बघून तिनं वही मिटली.

"आजी, बसा. शेवंताबाई तुमच्या कोण?"

"जाऊ. का?"

"चावडीवाचन मंगळवारी होतं ना? त्याच्या आदल्या शुक्रवारी त्या आल्या होत्या माझ्याकडं. मोटरीच्या कागदांसाठी उतारा काढायला. इथंच उभ्या राहून त्यांनी वाचला. मलाच म्हणाल्या, बाई, माझं नाव गेलंय यातून. जुना उतारा होता त्यांच्याकडं, पिशवीत जपून ठेवलेला. तीन नावांचा."

मी त्या मोडक्या खुर्चीवर टेकले.

"मी म्हटलं, अर्ज द्या, मीच लिहून देते. नको म्हणाल्या. मी अर्ज दिला तर अक्कांवर माझा भरवसा नाही असं होईल. चावडीवर आमच्या अक्का सांगतील, तुम्ही फक्त वाचा."

बाहेर कुणीतरी मोटरसायकल सुरू करत होतं, ती सुरू होईना. त्याच्या किका मी मोजत बसले.

"म्हणून मी दोनदा विचारलं, आजी."

"तिसऱ्यांदा विचारायचं होतंस."

"तुम्ही माझ्यावर ओरडलात."

खरंच होतं ते. मी म्हटलं, "तुला माहीत होतं तर तूच का नीट केलं न्हाईस?"

"माझ्या हातात नाही. तहसीलदारसाहेबांचा आदेश लागतो, आणि आदेशाला अर्ज लागतो. अजून वेळ गेलेली नाही. मी त्यांना दोनदा निरोप धाडला, येऊन अर्ज द्या म्हणून. दोन्ही वेळा एकच उत्तर. अक्कांना विचारून सांगते."

मला तिनं काही विचारलं नव्हतं. कोंबड्यांचं तेवढं विचारलं होतं.

उतारा न घेताच उठले. तिथून सरळ खालच्या तुकड्यात गेले. शेवंता अंजिरं तोडत होती. चीक लागून कातडी फाटते म्हणून बोटांना चिंध्या बांधलेल्या, कमरेला ओटी. मला बघून तिनं डोक्यावरचा पदर सारखा केला.

"या अक्का. बसा सावलीला. पाणी आणते."

"पाणी नको. अर्ज का देत न्हाईस?"

"कसला?"

"वेड पांघरू नको. मी तलाठीबाईकडनं येतेय."

तिनं हातातलं अंजीर पाटीत ठेवलं, त्यावर पान झाकलं. मग दुसरं ठेवलं.

"त्या दिवशी पिशवीत कागद घेऊन बसली होतीस."

"व्हय."

"मग काढला का न्हाईस?"

"काढत होते. तवर तुम्ही बोलला." ती झाडाकडं बघून बोलत होती. "मग कसा काढू? साऱ्या गावात अक्का खोट्या पडल्या असत्या."

"पडले असते! खोटं बोलले होते तर पडले असते. तुझं काय गेलं असतं?"

"असं कसं, अक्का?" तिनं माझ्याकडं बघितलं. खरंच तिला कळत नव्हतं. "मला वाटलं, वाटंनं बोलाल. मग वाटलं, एकादशीला बोलाल, देवळात भेटू तवा. मग वाटलं, राहू दे. तुमच्या मनात असंल काहीतरी."

माझ्या मनात काय होतं ते विचारायची तिची पद्धत नव्हती. म्हणून मीच विचारलं. आजही आठवलं की अंगाला घाम येतो, पण विचारलं. चोरी पकडल्यावर चोरानं घरधन्यालाच विचारावं की तू ही तिजोरी कुणाच्या नावावर करणार, तसं.

"हणमंताला देणार हायस ना जमीन?"

तिची बोटं थांबली. इतक्या वर्षांत पहिल्यांदा मी तिच्या तोंडावर राग बघितला. मोठा नव्हता. नाकपुडी जरा फुगली एवढंच.

"ते माझं मी बघीन, अक्का," ती म्हणाली.

मी बांधावर बसले. गुडघे दुखत होते असं तिला सांगितलं. ती पाणी घेऊन आली तेव्हा तिच्याकडं न बघता म्हटलं, "उद्या साडेआठची एसटी. जुना उतारा घे. पातळ धुतलेलं नेस."

"बरं," ती म्हणाली.

प्रल्हादला सकाळी निघताना सांगितलं. तो म्हणाला, "आई, विचार कर. एकदा नाव लागलं की..." मी म्हटलं, "नाव तिचं हायच. तुझ्या बापानं हात लावायच्या आधी तिच्या नवऱ्यानं ती विहीर खणलीय. पहारीनं. तू तवा पाळण्यात होतास." मला वाटलं होतं हे बोलताना छाती भरून येईल. तसं काही झालं नाही. तीन आठवड्यांपूर्वीही हे माहीत होतंच मला.

एसटीत शेवंता खिडकीशी बसली. तालुक्याला पोहोचेपर्यंत मी मनात एकच वाक्य घोकत होते. शाळेत कविता पाठ झाली नव्हती कधी, पण हे वाक्य झालं. माझ्या मनात पाप आलं म्हणून मी बोलले नाही. साहेब विचारतील, तेव्हा हे बोलायचं. लिहून घ्या म्हणायचं. खाली सही करायची. सही मला येते, अंगठा मी कधी दिला नाही.

तलाठीबाईनं अर्ज लिहून ठेवला होता. कारकुनानं तो घेतला, जुना उतारा बघितला, नवा बघितला. "चूक उघड आहे," तो म्हणाला. "होऊन जाईल. जबाब लागेल तुमचा, सहखातेदार म्हणून." भला माणूस होता, वय झालेला, चष्म्याची काडी दोऱ्यानं बांधलेली. त्यानं लिहायला घेतलं. नाव, वय, राहणार. मग पेन वर धरून विचारलं, "चावडीवाचनाला तुम्ही हजर होतात. इथं नोंद आहे, बरोबर आहे असं तुम्ही सांगितलंत. तेव्हा हरकत का घेतली नाही?"

मी तोंड उघडलं. वाक्य होतं, तिथंच होतं, जिभेच्या टोकावर.

"साहेब," माझ्या मागून शेवंता म्हणाली, "अक्कांना त्या दिवशी ऐकूच आलं न्हाई. पंखा लई आवाज करत होता."

त्या दिवशी लाइट नव्हती.

कारकुनाला ते कुठून माहीत असणार? त्यानं मान हलवली आणि मोठ्यानं म्हणत लिहिलं, "पंख्याच्या आवाजामुळे नावे नीट ऐकू न आल्याने माझ्याकडून नजरचुकीने..." लिहून झाल्यावर सगळं पहिल्यापासून वाचून दाखवलं. मग कागद माझ्याकडं फिरवला.

"बरोबर आहे ना, आजी?"

मी शेवंताकडं बघितलं. ती माझ्याकडं बघून हसत होती, लहान पोरानं औषध गिळल्यावर त्याच्याकडं बघतात तसं. झालं, अक्का, असं म्हणत होते तिचे डोळे. मला म्हणता आलं असतं, नाही, खोडा ते. टेबलापलीकडं एक माणूस, शेजारी दोघंतिघं फायली घेऊन उभे. गावातलं कुणी नव्हतं. तेवढ्या परक्या माणसांपुढंही माझ्याच्यानं झालं नाही.

"बरोबर हाय," मी म्हटलं, आणि सही केली. अनसूया ज्ञानोबा कामथे. अक्षर चांगलं आलं.

"आदेश निघाला की महिन्याभरात नाव लागेल," कारकून शेवंताला म्हणाला. "निश्चिंत जा घरी."

आवारात लिंबाखाली स्टँपवाल्यांची टेबलं होती, पलीकडं चहाची टपरी. शेवंता उतारा पिशवीत घालत होती, नीट घडीवर घडी. मी चालता चालता थांबले. तिच्या ते दोन पावलं पुढं गेल्यावर लक्षात आलं, ती परत आली.

"काय झालं, अक्का? ऊन लागलं? चहा घेऊ या का? मी देते पैसे आज."

"तू लई वाईट वागलीस माझ्याशी," मी म्हटलं.

तिचं तोंड उघडंच राहिलं. स्टँपवाल्यानं मान वर केली. करू दे, म्हटलं.

"चावडीत उठून सगळ्यांपुढं बोलली असतीस, ह्या बाईनं माझं नाव गिळलं म्हणून, तर मी सहा महिने तुझ्याशी भांडले असते आणि मग ते मिटलं असतं. आज त्या माणसापुढं मी खरं सांगणार होते. एसटीत पाठ करत आले होते. तेवढंबी तू मला करू दिलं न्हाईस. आणि मी अशी, की तुझ्या त्या पंख्यामागं जाऊन लपले. माझी अब्रू सांभाळायला तुला कुणी सांगितलं होतं, शेवंते? गाव म्हणतं तू गुणाची हाय. असशील. जमीन तुझी तुला मिळाली, चांगलं झालं. पण मला तू खोटीच ठेवलीस."